डीएलएल सापडत नाही म्हणून डीएलएल शोधत बसू नका

विनएचव्हीप्लॅटफॉर्म डॉट डीएलएल. केवढं ते नाव. डीएलएल म्हणजे प्रोग्रामांना लागणारी तयार कामं ठेवलेली लायब्ररीची फाइल, आणि ही त्यातलीच विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरात राहणारी एक, बऱ्याच लोकांना आयुष्यात कधी तिचं तोंड बघावं लागत नाही आणि ज्यांना लागतं त्यांना ती थेट एरर बॉक्समध्येच भेटते, की बाबा ही फाइल सापडली नाही, प्रोग्राम परत इन्स्टॉल करून बघा. मग माणूस काय करतो, ते नाव जसंच्या तसं गूगलमध्ये टाकतो, पुढं डाउनलोड लावतो, आणि वरचीच पानं त्याला "इथं क्लिक करा, फाइल फुकट घ्या" म्हणून बोलवत बसलेली असतात. क्लिक करतो, फाइल येते, ती कुठंतरी टाकतो, आणि पुढचे दोन तास वेगळीच एरर घेऊन बसतो.

इकडं सांगलीत विश्रामबाग भागात कॉम्प्युटरची कामं करताना हा प्रकार इतक्यांदा समोर येतो की म्हणलं एकदाच बैजवार लिहून टाकू. कमांड आणि फाइलींची नावं मी उच्चाराप्रमाणे लिहितोय, टाइप करताना अर्थातच इंग्रजीत करा.

माझं म्हणणं एवढंच आहे की एररमध्ये जिचं नाव येतं ती फाइल बहुतेक वेळा बिघडलेली नसते, बिघाड तिच्या खाली कुठंतरी असतो, त्यामुळं बघायचं ते खालनं वर. बायोस (विंडोजच्याही आधी चालू होणारी मशीनची सेटिंग), मग हायपरव्हायझर (एका मशीनमध्ये अनेक मशीन चालवू देणारा विंडोजच्या खालचा थर), मग विंडोजचं फीचर, आणि सगळ्यात शेवटी ती फाइल. लोक नेमकं उलटं करतात, फाइलीपासनं चालू करतात आणि बायोसपर्यंत पोचायच्या आधीच वैतागून फॉरमॅट मारतात.

आता ही फाइल आहे काय ते बघू. मायक्रोसॉफ्टनं २०१८ च्या एप्रिल अपडेटमध्ये, म्हणजे विंडोज १० च्या १८०३ व्हर्जनला, विंडोज हायपरव्हायझर प्लॅटफॉर्म नावाची सोय आणली. त्याच्या आधी भानगड अशी होती की हायपर-व्ही, म्हणजे मायक्रोसॉफ्टचा स्वतःचा हायपरव्हायझर, चालू केलं की प्रोसेसरची व्हर्च्युअलायझेशनची, म्हणजे एका मशीनमध्ये दुसरं मशीन चालवायची, सोय ते एकटंच धरून बसायचं, मग व्हर्च्युअलबॉक्स म्हणा, व्हीएमवेअर म्हणा, अँड्रॉइडचा एम्युलेटर म्हणा, ह्या आत दुसरं मशीन उभं करणाऱ्या प्रोग्रामांच्या हाताला काही लागायचं नाही. आपल्याकडं उसाला पाण्याची पाळी असते तसंच हे, ज्याची पाळी त्याचं पाणी, मधेच दुसऱ्यानं दार फोडलं की भांडण ठरलेलं, हवं असेल तर ज्याची पाळी आहे त्याला विचारून त्याच्याच पाटातनं घ्यायचं. तर ते विचारून घ्यायची रीत मायक्रोसॉफ्टनं २०१८ साली ठरवून दिली आणि ती ह्या डीएलएलमध्ये लिहिलेली आहे.

आत काय असतं? फंक्शन असतात. एम्युलेटर चालू झाला की आधी डब्ल्यूएचव्ही गेट कॅपॅबिलिटी नावाचं फंक्शन हाक मारून विचारतो की हायपरव्हायझर चालू आहे का. उत्तर हो आलं तर क्रिएट पार्टिशन करून एक वेगळी खोली मागतो, सेटअप पार्टिशननं ती तयार करून घेतो, मॅप जीपीए रेंजनं तिला मेमरी जोडतो, क्रिएट व्हर्च्युअल प्रोसेसरनं प्रोसेसर देतो, आणि मग रन व्हर्च्युअल प्रोसेसर. हे शेवटचं फंक्शन हाक मारलं की आतलं मशीन पळायला लागतं, आणि आतल्या मशीननं एखाद्या पोर्टवर काही लिहिलं, नसलेल्या मेमरीला हात लावला, की ते थांबून परत बाहेर येतं, एम्युलेटर बघतो काय पाहिजे, देतो, आणि परत रन. हे आत-बाहेर सेकंदाला कितीतरी वेळा चालू असतं. हे लक्षात ठेवा, पुढं कासवाच्या गोष्टीत कामाला येणार आहे.

हिच्या जोडीला विनएचव्हीइम्युलेशन डॉट डीएलएल नावाची आणखी एक असते, ती बाहेर आलेली सूचना उलगडून सांगायचं काम करते. आणि ह्या दोघींच्या खाली कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या गाभ्यात, व्हीआयडी डॉट सिस नावाचा ड्रायव्हर, आणि त्याच्याही खाली खरा हायपरव्हायझर, इंटेलच्या मशीनवर एचव्हीआयएक्स६४ डॉट ईएक्सई आणि एएमडीच्या मशीनवर एचव्हीएएक्स६४ डॉट ईएक्सई. गंमत म्हणजे हायपरव्हायझर एकदा चालू झाला की तुमचं रोजचं विंडोजसुद्धा त्याच्या वरच चालत असतं, तुम्हाला वाटत असतं मशीनचं मालक विंडोज, पण तेही एका पार्टिशनमध्येच असतं, फक्त मानाच्या, त्याला रूट पार्टिशन म्हणतात.

आणि सगळ्यात तळाला प्रोसेसर. इंटेलनं व्हर्च्युअलायझेशनची ही सोय, व्हीटी-एक्स, २००५ साली आणली, एएमडीनं त्यांची एएमडी-व्ही २००६ मध्ये. हायपर-व्ही आलं २००८ ला, ते पण सर्व्हरवर, सर्व्हर नसलेल्या विंडोजला ते मिळालं विंडोज ८ च्या प्रो आणि एंटरप्राइजमध्ये, २०१२ साली. म्हणजे आज दुकानात मिळणारा असा प्रोसेसर जवळजवळ नाहीच की ज्यात ही सोय नाही. सोय असते, पण बायोसमध्ये बंद असते, हे मात्र अजून पण होतं.

आमच्या शेजारच्या मावशींची मुलगी इंजिनिअरिंगला आहे, कॉम्प्युटर ब्रँच. एका रविवारी लॅपटॉप घेऊनच आली.

"दादा, हे बघ ना, एम्युलेटर उघडायलाच नाही, डीएलएल पाहिजे म्हणतंय, आणि दिली तर तरी बोंबलतंय."

"दिली म्हणजे? कुठनं दिली?"

"डाउनलोड केली की. व्हिडिओत सांगितलंय तसं."

बघितलं तर एरर बदललेली. आधी सापडत नाही म्हणत होतं, आता म्हणतंय ॲप्लिकेशन नीट सुरू करता आलं नाही, आणि पुढं तो कोड, शून्य एक्स सी पासनं सुरू होऊन सेव्हन बी वर संपणारा, मधे नुसती शून्यंच शून्यं. हा कोड ज्याला ओळखू येतो त्याचं निम्मं काम झालं, कारण बहुतेक वेळा त्याचा अर्थ असतो की ६४ बिटच्या प्रोग्रामला कुणीतरी ३२ बिटची फाइल दिलीय नाहीतर उलटं. आणि इथं अजून एक गंमत लोकांना माहीत नसते, ६४ बिटच्या विंडोजमध्ये ६४ बिटच्या फाइली सिस्टम३२ मध्ये असतात आणि ३२ बिटच्या असतात सिसवाओ६४ मध्ये. नावाचा आणि आतल्या मालाचा काही संबंध नाही. ज्यानं हे ठरवलं त्याला जुने प्रोग्राम मोडायचे नव्हते हे मान्य, पण आमच्यासारख्यांना गेली कित्येक वर्षं तेच तेच समजावून सांगावं लागतंय.

मी आधी टास्क मॅनेजर उघडला, परफॉर्मन्स, सीपीयू, उजवीकडं खाली व्हर्च्युअलायझेशन असं लिहिलेलं असतं, तिथं डिसेबल्ड. म्हणजे रोग तळाला. रीस्टार्ट मारून बायोसमध्ये गेलो. एचपीला एफ१०, डेलला एफ२, बाकी बऱ्याच ठिकाणी एफ२ नाहीतर डिलीट, थिंकपॅडला एफ१. इंटेलच्या मशीनवर इंटेल व्हर्च्युअलायझेशन टेक्नॉलॉजी किंवा व्हीटी-एक्स असं काहीतरी नाव असतं, एएमडीवर एसव्हीएम मोड, आणि हे एसव्हीएम काही डेस्कटॉप बोर्डांवर ओव्हरक्लॉकिंगच्या पानात खोल कुठंतरी दडवून ठेवलेलं असतं, का ते त्यांनाच माहीत.

हो, बायोसला हात लावायच्या आधी एक काम करायचं, ते मी तिच्याकडनं पण करून घेतलं. विंडोज ११ च्या बऱ्याच लॅपटॉपवर ड्राइव्ह आपोआप एन्क्रिप्ट झालेली असते, मालकाला पत्ता पण नसतो, आणि बायोसमध्ये काही बदललं की पुढच्या बूटला निळी स्क्रीन येऊन ४८ आकडी रिकव्हरी की मागू शकते. ही रिकव्हरी की बहुतेक वेळा मायक्रोसॉफ्ट अकाउंटमध्ये असते, पण ते अकाउंट दुकानदारानं लॅपटॉप देताना स्वतःच्या ईमेलवर उघडलेलं असलं तर मग बसा शोधत. म्हणून आधी ती रिकव्हरी की काढून कागदावर लिहून घ्या, मगच बायोस.

व्हीटी-एक्स चालू केलं. विंडोज वर आलं, विंडोज आणि आर दाबून ऑप्शनलफीचर्स टाइप केलं, खिडकी उघडली, त्यात विंडोज हायपरव्हायझर प्लॅटफॉर्म ह्या चौकटीला टिक नव्हती. आता हे बघा, हे फीचर बंद असेल तर ती डीएलएल सिस्टम३२ मध्ये जागेवर नसू शकते. म्हणजे फाइल हरवलेली नाही, करप्ट नाही, व्हायरसनं खाल्लेली नाही, तुम्ही मागितलीच नाही म्हणून विंडोजनं मांडली नाही. तिचा मूळ माल विनएसएक्सएस फोल्डरात ठेवलेला असतोच, टिक केली की तिथनं सिस्टम३२ मध्ये जोडला जातो, बहुतेक वेळा नेट पण लागत नाही. होम एडिशनवाल्यांनी घाबरायचं कारण नाही, हायपर-व्ही मॅनेजर त्यांना मिळत नाही हे खरंय, पण विंडोज हायपरव्हायझर प्लॅटफॉर्म आणि व्हर्च्युअल मशीन प्लॅटफॉर्म ह्या दोन चौकटी होमला पण असतात.

टिक केली, रीस्टार्ट केलं. एम्युलेटर उघडला. तीच सेव्हन बी.

ती म्हणली, "आता?"

आता काय, ती डाउनलोड केलेली फाइल. व्हिडिओवाल्यानं सांगितलं होतं की फाइल एम्युलेटरच्याच फोल्डरात टाका, आणि तिनं टाकलेली. विंडोज डीएलएल शोधताना साधारणपणे आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरात बघतं आणि मग सिस्टम३२ मध्ये जातं. म्हणजे सिस्टम३२ मध्ये आता खरी फाइल येऊन बसली होती तरी एम्युलेटर दारातच ती बोगस उचलत होता, आत जायची वेळच येत नव्हती. डिलीट केली, एम्युलेटर पाच-सात सेकंदांत वर. मावशींनी चहाबरोबर भडंग आणलं, ते चालू असताना पोरीनं तो व्हिडिओ परत काढून खाली कमेंटमध्ये काय काय लिहिलं ते मला वाचून दाखवलं, ते इथं लिहिण्यासारखं नाही.

डीएलएलच्या डाउनलोड साइटवर माझा एवढा राग का, तर ती फाइल विंडोजच्या कुठल्या बिल्डची, म्हणजे आवृत्तीची, आहे, ३२ ची की ६४ ची, मधे कुणी काही घुसवलंय का, कशाचाच पत्ता नसतो, आणि सिस्टमची लायब्ररी ही एकटी कधी चालत नसते, तिच्या खालचा ड्रायव्हर आणि हायपरव्हायझर त्याच बिल्डचे लागतात. समजा चुकून खरी फाइल मिळाली तरी फीचर बंद असेल तर ती एकटी येऊन काय करणार, हायपरव्हायझर आहे का विचारल्यावर नाही म्हणून सांगणार आणि गप्प बसणार.

फाइल खरी आहे का हे बघायचं असेल तर त्याला पण एक खाच आहे. लोक राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडतात आणि डिजिटल सिग्नेचर्स असा टॅब शोधतात, तो नसला की म्हणतात बघा, बनावट. तसं नाही. विंडोजच्या स्वतःच्या कितीतरी फाइलींची सही फाइलीत नसते, वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते, म्हणून टॅब दिसत नाही. पॉवरशेल उघडून गेट-ऑथेंटिकोडसिग्नेचर लिहायचं आणि पुढं फाइलीचा पत्ता द्यायचा, व्हॅलिड आलं आणि सही मायक्रोसॉफ्टची असली की विषय संपला.

आता खरोखरच फाइल बिघडलीय असं कधी होतं? होतं की. आपल्याकडं वळवाचा पाऊस आला की लाइट जाते हे काय सांगायला नको, आणि डेस्कटॉपला यूपीएस नाही, अपडेट निम्म्यावर, असं झालं की सिस्टमच्या फाइली अर्धवट राहू शकतात. तेव्हा कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडायचा आणि आधी डिझम, ऑनलाइन, क्लीनअप-इमेज, रिस्टोअरहेल्थ, आणि ते झालं की मग एसएफसी स्कॅननाऊ. ह्याच क्रमानं. कारण एसएफसी दुरुस्तीचा माल विनएसएक्सएसच्या साठ्यातनं घेतं, साठाच खराब असेल तर ते बिचारं काय करणार, डिझम तो साठा आधी नीट करून देतं. टक्के मधेच अडकल्यासारखे दिसतात, खिडकी बंद करू नका, एक चक्कर मारून या.

पण एक गोष्ट समजून घ्या, फीचर बंद असताना एसएफसी कितीही वेळा चालवा, ते म्हणणार सगळं ठीक आहे, काही सापडलं नाही. बरोबरच आहे ते. जे इन्स्टॉलच केलेलं नाही ते गायब आहे म्हणून तक्रार कशी करणार? एसएफसी क्लीन आलं म्हणजे प्रॉब्लेम विंडोजचा नाही असं धरून लोक प्रोग्रामवर संशय घेतात आणि तो दहावेळा काढतात घालतात. त्यापेक्षा चौकटीची टिक काढा, रीस्टार्ट, टिक करा, रीस्टार्ट. फाइली नव्यानं जोडल्या जातात.

आणि रीस्टार्ट म्हणजे रीस्टार्टच. शटडाउन करून परत चालू केलं की काम होतं असं सगळ्यांना वाटतं, पण फास्ट स्टार्टअप चालू असेल तर शटडाउनला विंडोज कर्नल बंद करत नाही, डिस्कवर झोपवून ठेवतं आणि सकाळी तेच उठवतं. रीस्टार्टला मात्र सगळं खरंच बंद होऊन नव्यानं येतं. हे आमच्या एका गिऱ्हाइकाला फोनवर पटवून द्यायला मला जेवढा वेळ लागला तेवढ्यात मी त्याच्या घरी मिरजेला जाऊन आलो असतो.

आता कासव.

गणपती पेठेत एक शेठ आहेत, होलसेलचा धंदा, वडिलांच्या काळापासनं बिलं आणि खातेवही एका जुन्या डॉसच्या प्रोग्रामवर. करून देणारा माणूस कधीच दुसरीकडं गेला, प्रोग्राम मात्र हलत नाही, आणि शेठना पण दुसरं काही नको, बोटांना सवय. २०१९ च्या पुरात पेठेत पाणी शिरलं तेव्हा जुना डेस्कटॉप गेला, हार्डडिस्क तेवढी वर काढून ठेवलेली म्हणून डेटा वाचला. ६४ बिटच्या विंडोजवर १६ बिटचे डॉस प्रोग्राम चालतच नाहीत, ती सोयच काढलेली आहे, म्हणून त्यांना व्हर्च्युअलबॉक्समध्ये ३२ बिटचं एक्सपी बसवून दिलेलं आणि त्यात तो प्रोग्राम. बरीच वर्षं मजेत चाललं. मग १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला, मुलानं नवा लॅपटॉप आणला, विंडोज ११, भरपूर रॅम, एसएसडी, आणि त्यावर तेच एक्सपी उचलून ठेवलं. दुसऱ्या दिवशी फोन.

"अहो, हे नवीन मशीन जुन्यापेक्षा हळू कसं काय? एक बिल काढायचं तर गिऱ्हाईक बाहेर जाऊन पान खाऊन येतंय."

जाऊन बघितलं. काही एरर नाही, काही नाही, डीएलएल जागेवर, सगळं व्यवस्थित. पण व्हर्च्युअलबॉक्सच्या खिडकीत खाली उजवीकडं स्टेटसच्या पट्टीत एक हिरवं कासव. हे कासव म्हणजे व्हर्च्युअलबॉक्सची खूण आहे की मला व्हीटी-एक्स थेट मिळालेलं नाही, मी हायपर-व्हीच्या मार्फत, म्हणजे ह्याच डीएलएलच्या मार्फत चाललोय. व्हर्च्युअलबॉक्सला ही सोय ६.० पासनं आली, डिसेंबर २०१८ मध्ये. त्याच्या आधी हायपर-व्ही चालू असेल तर सरळ नाही म्हणायचं, आता निदान चालतं, पण हळू. व्हीएमवेअरनं हेच २०२० मध्ये वर्कस्टेशन १५.५.५ ला केलं.

हळू का, तर वर सांगितलं ते आत-बाहेर. थेट व्हीटी-एक्स हातात असलं की व्हर्च्युअलबॉक्सचा ड्रायव्हर कर्नलमध्येच बरीच कामं उरकतो. डीएलएलच्या वाटेनं गेलं की दर वेळी पार बाहेरपर्यंत येऊन परत आत. आणि जुना डॉस प्रोग्राम तर कीबोर्डला, पोर्टला, स्क्रीनला सारखा थेट हात घालणारा, प्रिंटर पण पोर्टवरनंच, म्हणजे पावलोपावली बाहेर.

शेठच्या लॅपटॉपवर हायपर-व्ही कुणी चालू केलं? कुणीच नाही. ऑप्शनलफीचर्समध्ये व्हर्च्युअलायझेशनच्या एकाही चौकटीला टिक नव्हती, तरी ह्या मशीनवर डीएलएल जागेवर होती. इथंच बरीच मंडळी गोंधळतात. विंडोज ११ नव्यानं बसवलं की चालणाऱ्या हार्डवेअरवर मेमरी इंटिग्रिटी आपोआप चालू असते, विंडोज सिक्युरिटीमध्ये डिव्हाइस सिक्युरिटी, त्यात कोअर आयसोलेशन, तिथं. ड्रायव्हरच्या नावाखाली कुणी भलतं काही कर्नलमध्ये घुसवू नये म्हणून ही राखण असते, आणि ती राखण हायपरव्हायझरच्या जोरावर चालते. म्हणजे ह्या चौकटी मोकळ्या असल्या तरी हायपरव्हायझर चालूच. खात्री करायची तर एमएसइन्फो३२ उघडा, सिस्टम समरीच्या अगदी तळाला लिहिलेलं असतं की हायपरव्हायझर आढळला आहे, आणि व्हर्च्युअलायझेशन बेस्ड सिक्युरिटीच्या पुढं रनिंग.

उपाय नेटवर सगळीकडं एकच सापडतो, मेमरी इंटिग्रिटी बंद करा आणि बीसीडीएडिट, सेट, हायपरव्हायझरलाँचटाइप, ऑफ. रीस्टार्ट. बहुतेक मशीनवर चालतो, कासव जातं, मशीन पळतं. परत हवं असेल तर ऑफच्या जागी ऑटो. पण ऑफ केलं की लिनक्स सबसिस्टमची दुसरी आवृत्ती बंद, डॉकर बंद, विंडोज सँडबॉक्स बंद, आणि मघाशी सांगितलेली डीएलएल वापरणारे सगळे एम्युलेटर म्हणणार हायपरव्हायझर नाही. एकाच लॅपटॉपवर हे सगळं लागणारी इंजिनिअरिंगची पोरं म्हणूनच सारखी ऑफ ऑटो, ऑफ ऑटो खेळत बसतात.

शेठच्या बाबतीत मी ते केलं नाही. त्या लॅपटॉपवर त्यांची बँक चालते, जीएसटी चालतो, मुलगा त्याच्यावरच कुठनं कुठनं काय काय उतरवतो, तिथली राखण काढून एका बिलाच्या प्रोग्रामला वेग द्यायचा हे मला काही पटलं नाही. दुकानात एक आधीचा डेस्कटॉप पडून होता, विंडोज १० चा, त्याचं नेट काढलं, वायफाय पण काढून ठेवलं, हायपरव्हायझर ऑफ केला आणि एक्सपी त्याच्यावर. डेटा रोज संध्याकाळी पेनड्राइव्हवर. शेठ खूश, मुलगा जरा नाराज, कारण टेबलावर परत तो डबा आला.

ज्यांना व्हर्च्युअलबॉक्स चालूच होत नाही, कासव पण दिसत नाही, त्यांनी एरर नीट वाचायची सवय लावा, कारण व्हर्च्युअलबॉक्स ह्या बाबतीत चांगला बोलका आहे. नॉट इन अ हायपरव्हायझर पार्टिशन, एचव्हीपी बरोबर शून्य, असं लिहून पुढं व्हीटी-एक्स इज डिसेबल्ड इन द बायोस असं आलं तर दोन्ही वाटा बंद आहेत, विंडोजचा हायपरव्हायझर पण नाही आणि बायोसनं पण अडवलंय, सरळ बायोसमध्ये जा. एएमडीवर तेच एएमडी-व्ही इज डिसेबल्ड म्हणून येतं. अँड्रॉइड स्टुडिओवाल्यांना तर आणखी सोपं, एसडीकेच्या इम्युलेटर फोल्डरात जाऊन इम्युलेटर, डॅश, ॲक्सेल-चेक एवढं मारलं की ते सांगतं डब्ल्यूएचपीएक्स (म्हणजे हेच विंडोज हायपरव्हायझर प्लॅटफॉर्म) इन्स्टॉल्ड अँड युजेबल आहे की नाही. अजून कुणी जुन्या नोट्स बघून इंटेलचं हॅक्सम, एम्युलेटरला वेग देणारा जुना ड्रायव्हर, बसवत असेल तर सोडा तो नाद, इंटेलनं २०२३ च्या सुरुवातीला त्याचं काम थांबवलंय.

बायोसवरनं आठवलं, सेकंडहँड लॅपटॉप. पुण्या-मुंबईच्या कंपन्यांतनं निघालेले लॅपटॉप इकडं बरेच येतात, मशीन दणकट असतात, किंमत पण परवडते, मी स्वतः लोकांना घ्या म्हणून सांगतो. पण काहींच्या बायोसला जुन्या कंपनीचा पासवर्ड तसाच असतो. विंडोज चालतं, वर्ड-एक्सेल चालतं, घेताना काही कळत नाही, आणि पुढं कधीतरी व्हर्च्युअलायझेशन चालू करायला गेलं की पासवर्डची खिडकी. बिझनेसच्या मॉडेलना हा पासवर्ड बॅटरी काढून जात नाही. कुपवाडच्या एका पोरानं असाच घेतला, विकणाऱ्याकडं तीनदा हेलपाटे मारले, तो म्हणतो मालच असा आला, मी काय करू. बायोसमध्ये व्हीटी-एक्स बंद, त्यामुळं वरचं काहीच लागू नाही, किती का डीएलएल आणा. घेतानाच दुकानात रीस्टार्ट मारून बायोस उघडून बघायचं आणि टास्क मॅनेजरमध्ये व्हर्च्युअलायझेशन एनेबल्ड आहे का तेवढं बघायचं, दोन मिनिटांचं काम. त्या पोरानं शेवटी तो लॅपटॉप बहिणीला टॅलीच्या क्लासला दिला आणि स्वतः हप्त्यावर नवा घेतला, त्यात एसव्हीएम आधीच चालू होतं.